विममध्ये गिटसाठी कुठलं प्लगिन? एक प्रोजेक्ट अजून सबव्हर्जनवर आहे

कोरीपाटी:
नमस्कार मंडळी, चार वर्षं विम (टेक्स्ट एडिटर) वापरतोय पण गिटचं, म्हणजे कोडमधले बदल नोंदवून ठेवण्याचं, सगळं काम अजून टर्मिनलमध्येच करतो, सारखं इकडून तिकडे, लक्ष तुटतं. आता एडिटरमध्येच करायचंय. बदललेल्या ओळींची खूण बाजूला दिसावी, ब्लेम (कुठली ओळ कोणी, कुठल्या बदलात लिहिली) बघता यावं आणि फाइलमधले थोडेच बदल कमिट करता यावेत (गिटमध्ये नोंदवता यावेत), एवढंच हवंय. फ्युजिटिव्ह, गिटगटर आणि सिग्निफाय, यातलं एकच घ्यायचं तर कुठलं? एक जुना प्रोजेक्ट सबव्हर्जनवर (गिटसारखीच दुसरी प्रणाली) आहे आणि तो तिथेच राहणार.

रात्रपाळी:
एकच कशाला? खुणा दाखवणं वेगळं आणि गिट चालवणं वेगळं. गिटगटर फक्त गिट ओळखतं, सिग्निफायला सबव्हर्जन, मर्क्युरियल पण कळतं, म्हणजे खुणांसाठी तुम्हाला सिग्निफायच. गिट चालवायला फ्युजिटिव्ह, त्याला माझ्या मते तोड नाही. नुसतं :गिट टाकलं की स्टेटसची खिडकी उघडते, फाइलच्या नावावर '=' दाबलं की तिथेच डिफ (काय बदललं ते) उलगडतो, त्यातल्या हव्या तेवढ्या ओळी व्हिज्युअल मोडमध्ये निवडायच्या आणि एस दाबायचं, तेवढ्याच स्टेज होतात, म्हणजे पुढच्या कमिटसाठी निवडल्या जातात. काल एका फंक्शनमध्ये बग सुधारला होता आणि मध्येच डीबगिंगच्या दोन प्रिंट ओळी राहिल्या होत्या, त्या तशाच ठेवून बाकीचं कमिट केलं, सीसी दाबून मेसेज लिहिला, झालं. ब्लेमला :गिट ब्लेम, ओळीवर एंटर मारला की तो कमिट समोर.

तिसरीओळ:
रात्रपाळींशी सहमत, पण हंक (लागून असलेल्या बदललेल्या ओळींचा गट) स्टेज करणं रोजचंच असेल तर गिटच्या प्रोजेक्टला मी गिटगटरच घेईन. फाइल न सोडता लीडर (विममधली शॉर्टकटची सुरुवातीची की) आणि एचएस दाबलं की कर्सरखालचा हंक स्टेज, सिग्निफायमध्ये ही सोय नाही. लीडर एचयूने हंकमधला बदल रद्द करता येतो आणि चुकून दाबलं गेलं तर नेहमीचा यू (अनडू) आहेच, कारण बदल बफरमध्येच (एडिटरमध्ये उघडलेल्या मजकुरात) होतो. मी एकदा टर्मिनलमध्ये चेकआउट (फाइल गिटमधल्या जुन्या रूपात आणणारी कमांड) मारून सेव्ह केलेलं दुपारभराचं काम घालवलंय, तेव्हापासून ही गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते.
आणि निओविम (विमचीच नवी आवृत्ती) असेल तर गिटसाइन्स पण बघा, तेही गिटपुरतंच आहे.

कोरीपाटी:
दोघांचेही मनापासून आभार! साधं विमच आहे. सिग्निफाय आणि फ्युजिटिव्ह टाकलं, सबव्हर्जनच्या फाइलमध्ये पण खुणा दिसतायत, फार बरं वाटलं. फक्त टाइप केल्यावर खूण यायला चार-पाच सेकंद लागतात, असंच असतं का?

रात्रपाळी:
नाही नाही, विमचा अपडेटटाइम (थांबल्यावर किती वेळाने खुणा ताज्या करायच्या ते) मुळात 4000 मिलिसेकंद असतो, व्हिमआरसीमध्ये (विमच्या सेटिंगच्या फाइलमध्ये) तो 100 करा.

कोरीपाटी:
केला, आता लगेच येतेय 🙏