मदत हवी आहे: क्रेडिट कार्डाच्या बिलात आठ अनोळखी ओळी, १०,१२५ रुपये ५० पैसे

सदाफुली (१९ तारीख, सकाळी ९.१०)
काल रात्री क्रेडिट कार्डाचं बिल आलं. त्यातल्या आठ ओळींचा अर्थच लागत नाही. सगळ्या मिळून १०,१२५ रुपये ५० पैसे. मोठी एकच आहे, ९,४१२ ची, बाकी फुटकळ. एक तर चक्क ५४ पैशांची. दुकानाच्या नावाच्या जागी पाच-सहा अक्षरं एकमेकांना चिकटवलेली आणि पुढे आकडे. असलं काही आम्ही घेतलेलं नाही. ओटीपी आला नाही, मेसेज आला नाही. कस्टमर केअरला पाऊण तास धरून बसले होते, मग फोन कट झाला. ७ तारखेला पैसे भरायचेत. परत कसे मिळवायचे? नक्की माहीत असेल त्यांनीच सांगा प्लीज, मला ऑफिसला निघायचंय.

पेठकर (९.१८)
कार्ड ब्लॉक केलंत का? बाकीचं सगळं नंतर.

रानवारा (९.२२)
नाव ओळखीचं नाही म्हणजे फसवणूकच, असं नसतं हो. भांडारकर रोडवरच्या एका केकवाल्याकडून मी दर वर्षी मुलीच्या वाढदिवसाचा केक घेते. बिलात येतं त्याच्या कंपनीचं नोंदणीचं नाव, आणि गाव भलतंच. पहिल्या वर्षी मीही घाबरून बँकेला फोन केला होता. आधी घरात सगळ्यांना विचारा. ॲपवरून काही मागवलं असेल तर मधल्या पेमेंट कंपनीचंच नाव छापून येतं.

आकडेमोड (९.२५)
आठही रकमा आणि तारखा लिहा. "फुटकळ" म्हणून सोडू नका, उत्तर त्यांच्यातच असतं.

सदाफुली (९.४१)
बसमध्ये आहे. १२ तारखेला ८६.४०, ३.०२, ०.५४. १३ तारखेला ९,४१२, ३२९.४२, ५९.३०. १५ तारखेला १९९ आणि ३५.८२. बिलाचा फोटो टाकू का?

पेठकर (९.४२)
नाही! फोटो अजिबात नको. नाव, पत्ता, कार्डाचे आकडे, सगळं असतं त्यावर. आणि ब्लॉकचं उत्तर अजून दिलं नाहीत तुम्ही.

आकडेमोड (९.५८)
९,४१२ चे साडेतीन टक्के काढा, बरोबर ३२९.४२ येतात. ३२९.४२ चे १८ टक्के ५९.३०. म्हणजे पहिली रक्कम खर्चाची, दुसरी बँकेचं परकीय चलनाचं शुल्क, तिसरी त्या शुल्कावरचा जीएसटी. ८६.४० वरही तेच गणित बसतं, ३.०२ आणि ०.५४. तुमच्या ५४ पैशांचा हिशेब हा. सहा ओळी म्हणजे प्रत्यक्षात दोनच खर्च, आणि दोन्ही भारताबाहेरच्या व्यापाऱ्याकडे झालेले.
१९९ चं प्रकरण वेगळं आहे. ३५.८२ हा १९९ वरचा १८ टक्के जीएसटी. अशी रक्कम बहुतेक ईएमआयच्या प्रोसेसिंग फीची असते. महिन्याभरात घरी हप्त्यावर काही आलंय का?

सदाफुली (१०.३०)
वॉशिंग मशीन. कर्वे रोडवरून, "नो कॉस्ट" हप्त्यावर. दुकानदार म्हणाला होता एक रुपयाही जास्त लागणार नाही!

आकडेमोड (१०.३६)
मग ते २३४.८२ खरे आहेत, तक्रारीत घालू नका. नो कॉस्ट म्हणजे व्याजाइतकी सूट किमतीत आधीच दिलेली असते. बँक व्याज लावतेच, त्यावर जीएसटीही लावते, आणि तो जीएसटी दर महिन्याच्या हप्त्यात दिसेल. प्रोसेसिंग फी वेगळी. खऱ्या रकमा खोट्यांत मिसळल्या की अख्खा अर्ज रेंगाळतो.

कोरा_चेक (१०.५०)
म्हणूनच सांगतो, कार्डच नको. मी सहा वर्षांपूर्वी बंद केलं. बंद करताना लेखी "नो ड्यूज", म्हणजे काही देणं उरलं नाही असा दाखला, जरूर घ्या, पॉइंट आधी वापरून टाका, आणि सगळ्यात जुनं कार्ड मात्र बंद करू नका, सिबिलवर, म्हणजे कर्जाच्या पतगुणांवर, परिणाम होतो.

पेठकर (१०.५२)
त्यांनी बंद कसं करायचं ते विचारलेलंच नाही. आणि कार्डच नको म्हणता, मग जुनं ठेवायला का सांगता?

निवृत्त_रोखपाल (११.१५)
ताई, आधी ८६ रुपये आणि दुसऱ्या दिवशी साडेनऊ हजारांच्या आसपास, ही चाल जुनी आहे. चोरलेला कार्ड नंबर चालू आहे की नाही, ते आधी चिल्लर रकमेने तपासतात. चालला की मोठा हात मारतात. ओटीपी न येण्याचं कारणही तेच. ओटीपीची सक्ती इथल्या व्यवहारांना. बाहेरचे बरेच व्यापारी नुसता नंबर, मुदत आणि मागचे तीन आकडे घेऊन रक्कम वसूल करतात. तिसरा हात मारायच्या आत कार्ड बंद करा.
दोन गोष्टी सांगा. कार्डावर परदेशी व्यवहार चालू कसे होते? २०२० च्या ऑक्टोबरपासून नवीन कार्डं फक्त भारतातल्या वापरापुरती चालू करून देतात, बाकी ग्राहकाने स्वतः चालू करायचं असतं. आणि मेसेज "आला नाही" की "बघितला नाही"?

सदाफुली (१.२०, जेवणाची सुट्टी)
कार्ड माझं नाही, बाबांचं आहे. सांगायचं राहिलं. दोन वर्षांपूर्वी ते दादाकडे सिंगापूरला गेले होते, तेव्हा चालू केलं ते तसंच राहिलं. बँकेत त्यांचा जुना मोबाइल नंबर आहे, ते सिम गेल्या वर्षी बंद केलं. बिल ईमेलवर येतं, ते मी बघते.
बाबा ७४ वर्षांचे आहेत. कुठलाही खर्च झाला की कालनिर्णयच्या त्या तारखेच्या चौकोनात पेन्सिलीने लिहून ठेवतात, दूध, इस्त्री, औषधं, सगळं. काल रात्री बिलाची प्रिंट भिंतीवरच्या कॅलेंडरशेजारी धरून एकेक ओळ जुळवत होते. १३ तारखेच्या चौकोनात फक्त "पेट्रोल ५००" आहे. त्यांना वाटतंय त्यांच्याच हातून कुठेतरी बटण दाबलं गेलं. जेवले नाहीत नीट. म्हणून मला घाई आहे.

रानवारा (१.२६)
अगं, मग त्यांना पहिल्यांदा सांग की यात त्यांचं काहीही चुकलेलं नाही. आमच्या सासऱ्यांनी असंच मनाला लावून घेतलं होतं.

आकडेमोड (१.४०)
हे सकाळीच सांगायला हवं होतंत, कारण सगळं दिवसांवर आहे. रिझर्व्ह बँकेचं ६ जुलै २०१७ चं परिपत्रक बघा. चूक तुमचीही नाही, बँकेचीही नाही, आणि बँकेची सूचना मिळाल्यापासून कामकाजाच्या ३ दिवसांत कळवलं, तर ग्राहकाची जबाबदारी शून्य. ४ ते ७ दिवसांत कळवलं, तर कार्डाची मर्यादा ५ लाखांपर्यंत असल्यास जास्तीत जास्त १०,०००, किंवा व्यवहाराची रक्कम, यांतलं कमी ते. सूचना मिळाली तो दिवस धरत नाहीत. १३ ला गुरुवार होता. शुक्रवार एक, शनिवार तिसरा म्हणून बँक चालू, दोन, सोमवार तीन, काल चार, आज पाच. म्हणजे ९,४१२ पूर्ण अंगावर येऊ शकतात.

निवृत्त_रोखपाल (१.५५)
घाबरवू नका त्यांना. दिवस मोजायचे ते सूचना मिळाल्यापासून. यांना सूचना मिळाली काल रात्री, ईमेलने. त्या हिशेबाने आज पहिलाच दिवस.

आकडेमोड (२.०१)
बँक म्हणणार, आम्ही १३ लाच एसएमएस पाठवला, नंबर बदललात तर कळवणं तुमचं काम.

निवृत्त_रोखपाल (२.१२)
म्हणू दे. त्याच परिपत्रकात लिहिलंय की ग्राहक जबाबदार आहे हे सिद्ध करण्याचा भार बँकेवर. ३१ वर्षं काउंटरवर बसलोय, पहिलं पत्र बँकेच्या बाजूचंच येतं. तिथे थांबायचं नसतं. पण ताई, आजचा दिवस घालवू नका, यात मात्र आमचं एकमत आहे.

भर_दुपार (२.१५)
गूगलवर बँकेचा टोल फ्री नंबर शोधा, लगेच लागतो. मला एकाने लगेच मदत केली होती.

पेठकर (२.१६)
कृपया असं कुणाला सांगू नका! गूगलवर खोटे नंबर पेरून ठेवलेले असतात. नंबर फक्त कार्डाच्या मागचा किंवा बिलावरचा.
सदाफुलीताई, फोन लागत नसेल तर बँकेच्या ॲपमध्ये ब्लॉकचं बटण असतं. मग १९३० ला फोन, ती सरकारची सायबर फसवणुकीची हेल्पलाइन आहे. तक्रार क्रमांक लिहून घ्या. गरज पडलीच तर शिवाजीनगरला सायबर पोलीस ठाणं आहे.

सदाफुली (३.०५)
ब्लॉक झालं. ॲप बाबांच्या फोनमध्ये, ते कर्वेनगरला, मी हिंजवडीत. व्हिडिओ कॉलवर एकेक बटण सांगितलं. १९३० ला तक्रार नोंदवली. बँकेला ईमेल केलाय, फक्त त्या सहा ओळींबद्दल, ९,८९० रुपये ६८ पैसे. नवीन मोबाइल नंबरचा अर्ज बाबा उद्या शाखेत देतील.
आता ७ तारखेला काय करू? सगळं भरू की हे वगळून?

कोरा_चेक (३.२०)
सगळं भरून टाका, सिबिल सांभाळा. मिळाले परत तर मिळाले.

निवृत्त_रोखपाल (३.३१)
मला पटत नाही. एकदा भरलं की बँकेची घाई संपते. रिझर्व्ह बँकेच्या २०२२ च्या क्रेडिट कार्डाच्या निर्देशांत स्पष्ट आहे, ग्राहकाने फसवणूक म्हणून नोंदवलेल्या व्यवहारावर निकाल लागेपर्यंत शुल्क लावायचं नाही. बाकीचं बिल पैशापैशासकट भरा. "किमान रक्कम" भरून सोडू नका, उरलेल्या सगळ्यावर व्याज चढतं. आणि न भरलेली रक्कम विवादित आहे, हे तक्रार क्रमांक घालून लेखी कळवा.

आकडेमोड (३.४०)
निर्देश बरोबर आहेत, पण यंत्रणा आपोआप लेट फी लावते आणि मग ती काढून घ्यायला महिने जातात. त्यापेक्षा थांबा. २०१७ च्याच परिपत्रकाप्रमाणे, कळवल्यापासून कामकाजाच्या १० दिवसांत बँकेने रक्कम तात्पुरती जमा करायची आहे. आज १९. २२ ला चौथा शनिवार. दहावा दिवस २ तारखेला येतो, म्हणजे ७ च्या आधी. २ ला ठरवा.

जुना_ग्राहक (५.१०)
पुणेकरांनी तरी गप्प बसू नये. १९७४ मध्ये बिंदुमाधव जोशींनी ग्राहक पंचायत सुरू केली ती याच शहरात. तेव्हा प्रश्न तेल-साखरेच्या भावाचे होते, पण माणसं रांगेत उभी राहून हिशेब मागत. १९८६ चा कायदा त्यानंतर बारा वर्षांनी आला. आता तोच हिशेब फोनवर मागायचा, आणि पलीकडे माणूसच नसतो.

पेठकर (५.२२)
अगदी खरं. फक्त बँकेच्या तक्रारीला आधी रिझर्व्ह बँकेचा लोकपाल बरा. बँकेने ३० दिवसांत उत्तर दिलं नाही किंवा उत्तर पटलं नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या सीएमएस या तक्रारींच्या पोर्टलवर फुकट तक्रार करता येते. चौकशीला १४४४८.

सदाफुली (२ तारीख, संध्याकाळी ७.४५)
सगळ्यांना कळवते. बँकेने मधे एक फॉर्म मागितला, त्यावर बाबांची सही आणि १९३० चा क्रमांक दिला. आज ९,४१२ आणि ८६.४० तात्पुरते जमा झालेत, चौकशी चालू आहे असं लिहिलंय. बाबांनी आजच्या चौकोनात पेन्सिलीने "जमा ९,४९८.४०" लिहिलं आणि खाली दोन रेघा मारल्या. परदेशी व्यवहार बंद करून ठेवलेत.
पण ३२९.४२, ५९.३०, ३.०२ आणि ०.५४ अजून बिलात तसेच आहेत. ३९२ रुपये २८ पैसे. व्यवहारच आमचा नाही तर त्यावरचं शुल्क आमचं कसं? नवीन तक्रार करू का?

आकडेमोड (८.०२)
नवीन करू नका, नवीन क्रमांक पडला की दोन टेबलांवर फिरत राहील. जुन्याच क्रमांकावर चारही ओळी तारखांसह लिहा आणि "मूळ व्यवहारावरचं शुल्क व कर" असा शब्द वापरा. ७ च्या आत आलं नाही तर एवढे ३९२ भरून टाका, मागणी चालू ठेवा.

निवृत्त_रोखपाल (८.१०)
५४ पैसेसुद्धा लिहा.