सुधारक राष्ट्राध्यक्षांनी मक्तेदारी मोडली, की स्वतःची खुर्ची उंच केली?

ओटीवरून (धागाकर्ता):
थिओडोर रूझवेल्ट, विल्यम टाफ्ट, वुड्रो विल्सन. १९०१ ते १९२१ अशी सलग वीस वर्षं अमेरिकेचा कारभार या तिघांनी पाहिला आणि तिघांनाही 'सुधारक' म्हणतात. गोष्ट सगळ्यांना पाठ आहे: रेल्वे, तेल आणि पोलादवाले शेठ माजले होते, रूझवेल्टने त्यांना वठणीवर आणलं, पुढच्या दोघांनी काम तडीस नेलं. मला ही गोष्ट अर्धीच पटते. शेठजी होते तिथेच राहिले. बदललं ते राष्ट्राध्यक्षपद.

१९०२ चा कोळसा संप घ्या. पेन्सिल्व्हेनियातल्या खाणी मे महिन्यापासून बंद, सुमारे दीड लाख कामगार घरी, आणि पूर्वेकडच्या शहरांत थंडी तोंडावर आलेली. ३ ऑक्टोबरला रूझवेल्टने खाणमालकांना आणि कामगारांचा नेता जॉन मिचेल याला एका खोलीत बसवलं. व्हाइट हाउसची डागडुजी चालू होती, म्हणून बैठक जवळच्याच एका घरात. महिन्याभरापूर्वी घोडागाडीला ट्रामने ठोकरलं होतं, त्यात पाय जायबंदी झालेला, त्यामुळे राष्ट्राध्यक्ष स्वतः चाकांच्या खुर्चीत. मालक मिचेलशी एक शब्द बोलायला तयार नाहीत. शेवटी लवाद नेमायचं ठरलं, तर मालकांची अट अशी की त्यावर कामगार संघटनेचा माणूस नको. त्यांनी दिलेल्या यादीत एक जागा 'नामवंत समाजशास्त्रज्ञा'ची होती. रूझवेल्टने तिथे रेल्वे कंडक्टरांच्या संघटनेचा प्रमुख बसवला, आणि मालकांनी तो मुकाट मान्य केला! मार्च १९०३ मध्ये निकाल आला: १० टक्के पगारवाढ, बहुतेकांना ९ तासांचा दिवस. संघटनेला मान्यता मात्र नाही.

मालक अडूनच बसले असते तर सैन्य पाठवून खाणी ताब्यात घ्यायचीही तयारी त्याने करून ठेवली होती. यातलं काहीही राष्ट्राध्यक्षाचं काम म्हणून घटनेत लिहिलेलं नाही. मला तो संप मिटवणारा रूझवेल्ट आवडतो, लपवत नाही. पण त्याने उंच केलेल्या खुर्चीवर पुढे विल्सन बसला, आणि तिथून त्याने काय काय केलं हेही याच खात्यात मांडायला हवं.

खडूसराव:
धागा वाचनीय, मत साफ अमान्य. शेठजी होते तिथेच राहिले? नॉर्दर्न सिक्युरिटीज विसरलात का? वायव्येकडच्या रेल्वे एका मुठीत आणणारी, बडा बँकर मॉर्गन याची कंपनी. फेब्रुवारी १९०२ मध्ये सरकारने खटला भरणार असं जाहीर केलं, तेव्हा मॉर्गन व्हाइट हाउसवर आला आणि म्हणाला की तुमच्या माणसाला माझ्या माणसाकडे पाठवा, मिटवून टाकतील. जणू शेजारच्या पेढीशी व्यवहार चाललाय. १९०४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ५ विरुद्ध ४ मतांनी कंपनी मोडली. गंमत म्हणजे रूझवेल्टनेच नेमलेल्या न्यायमूर्ती होम्सनी विरुद्ध मत दिलं.

आणि टाफ्टला तुम्ही एका नावापुरतं उरकलंत. रूझवेल्टने साडेसात वर्षांत चाळीसच्या वर खटले भरले, टाफ्टने चार वर्षांत त्याच्या दुप्पट. त्याला ना भाषण जमायचं ना वर्तमानपत्रवाले खिशात होते, म्हणून लोकांच्या लक्षात काय राहिलं, तर त्याचं वजन.

ओटीवरून:
खडूसराव, खटल्यांची संख्या मान्य. पण परिणाम बघा. १९११ मध्ये रॉकफेलरच्या तेल कंपनीचे, स्टँडर्ड ऑइलचे ३४ तुकडे झाले, सगळ्या तुकड्यांचे शेअर त्याच्याकडे होतेच, भाव चढले आणि तो आधीपेक्षा श्रीमंत झाला. १९०७ च्या बाजारातल्या घबराटीत यू. एस. स्टील या पोलाद कंपनीचे दोन बडे लोक रूझवेल्टच्या न्याहारीच्या वेळी येऊन थडकले. बाजार उघडायच्या आत त्यांना टेनेसी कोल अँड आयर्न ही प्रतिस्पर्धी कंपनी घ्यायला मुभा हवी होती. मिळाली. चार वर्षांनी टाफ्टने त्याच व्यवहारावरून यू. एस. स्टीलवर खटला भरला, तेव्हा रूझवेल्टचं पित्त खवळलं. कुठली मक्तेदारी चांगली आणि कुठली वाईट हे तो स्वतः ठरवणार होता. माझा मुद्दा नेमका हाच आहे.

शेंगोळी:
तुम्ही दोघं रेल्वे आणि तेलातच अडकलात. ३० जून १९०६ ला एकाच दिवशी दोन कायद्यांवर सह्या झाल्या, एक अन्न आणि औषधांचा, दुसरा मांस तपासणीचा. मी अन्नप्रक्रिया कारखान्यात गुणवत्ता विभागात अकरा वर्षं काढली. तपासनीस लाइनवर उभा आहे हे माहीत असलं की लोकांचे हात वेगळे चालतात, टोप्या आपोआप डोक्यावर येतात. शिकागोच्या कत्तलखान्यांत त्या कायद्याने सरकारी माणूस प्राण्याच्या तपासणीपासून डबा भरेपर्यंत उभा राहिला. याला तुम्ही 'खुर्ची उंच केली' म्हणणार? सामान्य माणसाच्या ताटात फरक पडला, दादा.

खडूसराव:
शेंगोळीताई, +१. हे मीच लिहायला हवं होतं.

ओटीवरून:
ताई, लाइनवरचा अनुभव तुमचा, तिथे मी गप्प. पण मूळ मसुद्यात तपासणीचा खर्च मांसवाल्यांनी द्यायचा होता आणि डब्यावर तारीख छापायची होती. शेवटी खर्च सरकारी तिजोरीतून, वर्षाला ३० लाख डॉलर, आणि तारीख गायब. बड्या कंपन्यांना युरोपात माल खपवायला सरकारी शिक्का हवाच होता, तो फुकटात मिळाला.

शेंगोळी:
मिळू दे की. शिक्का फुकट मिळाला तरी सडकं मांस बाद झालंच ना? तारीख नव्हती ही चूक, बरोबर. पण तुमचा हिशोब असा दिसतोय की शेठचाही फायदा झाला तर ती सुधारणा नव्हेच.

एडिसनकर:
न्यू जर्सीत राहतो, म्हणजे विल्सनच्या अंगणातच. इथे तो आधी प्रिन्स्टनचा अध्यक्ष, मग गव्हर्नर होता. १९१३ मध्ये फेडरल रिझर्व्ह ही मध्यवर्ती बँक, १९१४ मध्ये मक्तेदारीविरोधी क्लेटन कायदा आणि व्यापार आयोग, १९१६ मध्ये बालमजुरीविरोधी कायदा. यादी तिघांत सगळ्यात भारी.

पण ज्या वर्षी फेडरल रिझर्व्ह आलं त्याच वर्षी वॉशिंग्टनच्या टपाल आणि अर्थ खात्यांत काळ्या कारकुनांना वेगळं बसवायला सुरुवात झाली. वेगळी टेबलं, वेगळी स्वच्छतागृहं. काळ्यांच्या हक्कांसाठी लढणारे विचारवंत डुबॉइस यांनी विल्सनला उघड पत्र लिहिलं, त्यात एका कारकुनाचा उल्लेख आहे. त्याचं काम असं की त्याला दुसऱ्या खोलीत हलवता येईना, म्हणून बसल्या जागी त्याच्याभोवती पिंजरा उभारला. वर्षानुवर्षं शेजारी बसणाऱ्या सहकाऱ्यांपासून तोडायला. १९१४ पासून सरकारी नोकरीच्या अर्जावर फोटो लागू लागला. आणि याच डुबॉइसनी १९१२ मध्ये विल्सनला पाठिंबा दिला होता! लोक याला 'सुधारणांवरचा डाग' म्हणतात. मला हा शब्द मान्य नाही. सरकारी यंत्रणा कडक, एकसूत्री करायचा जो उत्साह होता, त्याच उत्साहाने हे झालं.

अवांतर: १९४६ मध्ये बाबासाहेबांनी पत्र लिहिलं ते याच डुबॉइसना. अमेरिकेतल्या काळ्यांनी संयुक्त राष्ट्रांकडे केलेल्या अर्जाची प्रत त्यांना हवी होती. आणि बाबासाहेब कोलंबिया विद्यापीठात दाखल झाले ते १९१३ मध्येच. त्यांचे तिथले प्राध्यापक सेलिग्मन म्हणजे चढत्या दराच्या प्राप्तिकराचे बिनीचे पुरस्कर्ते, आणि तो कर लागू झाला तोही त्याच साली.

खडूसराव:
एडिसनकर, हे चीड आणणारं आहे, वाद नाही. पण वंशभेद विल्सनच्या डोक्यात होता, पदाच्या ताकदीत नव्हे. कमकुवत राष्ट्राध्यक्षाच्या काळात दक्षिणेत काय कमी अत्याचार झाले?

एडिसनकर:
दक्षिणेत झाले, मान्य. पण वॉशिंग्टनच्या कार्यालयांत काळे आणि गोरे कारकून शेजारी बसून काम करत होते. तिथे भिंत घातली ती विल्सनच्या मंत्र्यांनी, त्याच्या संमतीने. नोव्हेंबर १९१४ मध्ये ट्रॉटर हे काळे पत्रकार शिष्टमंडळ घेऊन भेटले. विल्सनने त्यांना वेगळं बसवणं तुमच्याच फायद्याचं आहे असं ऐकवलं, आणि त्यांचा सूर आवडला नाही म्हणून भेट संपवली. २०२० मध्ये प्रिन्स्टनने आपल्या सार्वजनिक धोरणाच्या संस्थेवरून त्याचं नाव काढलं. तेव्हा इथल्या आमच्या मराठी ग्रुपवर तीन दिवस मारामारी चालली होती, विषय निघाला की अजून चालते.

तिरकस:
पॉपकॉर्न संपले म्हणून लिहितो. राष्ट्राध्यक्ष, राष्ट्राध्यक्ष काय लावलंय? सिनेटर थेट लोकांनी निवडायची घटनादुरुस्ती १९१३ ची. तिच्यासाठी राज्यं वर्षानुवर्षं काँग्रेसच्या मागे लागली होती. राष्ट्राध्यक्षाची तर घटनादुरुस्तीवर सहीसुद्धा लागत नाही. उमेदवार थेट मतदारांनी ठरवायची पद्धत विस्कॉन्सिन राज्यात तिथले गव्हर्नर ला फॉलेट यांनी रेटली. बायकांच्या मताधिकाराला विल्सन १९१८ पर्यंत टोलवत होता. १९१७ मध्ये व्हाइट हाउसच्या फाटकाशी फलक घेऊन उभ्या राहिलेल्या बायकांना तुरुंगात टाकलं. मग दुरुस्ती झाली आणि श्रेयाच्या फोटोत साहेब पुढे.

शेंगोळी:
तिरकसांचं हे मात्र पटलं. त्या फाटकावरच्या बायकांवर स्वतंत्र धागा काढा.

खडूसराव:
राज्यांनी रेटलं तर बालमजुरी का थांबली नाही? एका राज्याने बंदी घातली की गिरणी शेजारच्या राज्यात. म्हणून तर १९१६ चा कायदा देशभरासाठी करावा लागला.

तिरकस:
आणि १९१८ मध्ये न्यायालयाने तो ५-४ ने उडवला. मग कराच्या वाटेने दुसरा केला, तो १९२२ मध्ये उडवला. निकाल लिहिणारे सरन्यायाधीश कोण, सांगा बघू? तुमचे लाडके टाफ्ट.

खडूसराव:
😐 घाव वर्मी बसला.

ओटीवरून:
तिरकस, राज्यांचा मुद्दा मी अजिबात धरला नव्हता, ती चूक माझी. पण युद्ध आल्यावर काय झालं ते बघा. १९१८ मध्ये समाजवादी नेता युजीन डेब्ज याने ओहायोतल्या कँटनमध्ये युद्धाविरुद्ध भाषण केलं, म्हणून दहा वर्षांची शिक्षा. १९२० ची निवडणूक त्याने अटलांटाच्या तुरुंगातून लढवली आणि नऊ लाखांवर मतं घेतली. युद्ध संपून दोन वर्षं झाली तरी विल्सनने त्याला सोडलं नाही. सोडलं कोणी? हार्डिंगने, १९२१ च्या नाताळात. सुधारणा या शब्दाशी ज्याचा काडीचा संबंध नव्हता त्या माणसाने.

खडूसराव:
हार्डिंगला सुधारकांच्या वर बसवणार असाल तर त्याच्या मंत्र्याने लाच खाऊन नौदलाचे तेलसाठे कसे भाड्याने दिले, त्या टीपॉट डोमवर मी आज रात्रीच धागा काढतो.

ओटीवरून:
काढा. जेवून येतो.