कोसळलेले तारे : घटनाक्षितिज खरोखर असते, की त्या जागी एखादा काळाकुट्ट पृष्ठभाग?

औत्सुक्य :

मुंबईच्या भाभा अणुसंशोधन केंद्रात प्रदीर्घ काळ काम केलेले खगोलभौतिकीतज्ज्ञ आभास मित्रा यांचे म्हणणे असे आहे की, तारा कोसळत असताना त्याच्या आत अडकलेल्या प्रारणाचा दाब इतका वाढतो की आकुंचन मंदावत जाते आणि ते कधीच पूर्ण होत नाही. ज्याला आपण कृष्णविवर म्हणतो, ती वस्तू त्यांच्या मते अखंड आकसत राहणारा तप्त गोळा आहे. पावेल मझूर आणि एमिल मोटोला यांनी २००१ मध्ये मांडलेला ‘ग्रॅव्हास्टार’ हा आणखी एक पर्याय आहे. त्यात आतल्या भागात ऋण दाब असलेली निर्वात-ऊर्जा आणि तिच्याभोवती द्रव्याचे पातळ कवच असते.

माझ्या दोन शंका आहेत. दूरच्या निरीक्षकाच्या घड्याळानुसार कोसळणाऱ्या ताऱ्याला क्षितिजापर्यंत, म्हणजे ज्याच्या आतून प्रकाशही बाहेर येऊ शकत नाही त्या सीमेपर्यंत, पोहोचायला अनंत काळ लागतो, हे पाठ्यपुस्तकांतही असते. मग कृष्णविवर ‘तयार झाले’ असे आपण कशाच्या आधारावर म्हणतो? आणि २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एम ८७ दीर्घिकेच्या केंद्राच्या चित्रामुळे हे सारे पर्याय निकालात निघाले का?

शर्मिष्ठा :

पहिली शंका रास्त आहे आणि जुनीही आहे. ओपेनहायमर आणि स्नायडर यांनी १९३९ मध्ये दाबरहित धुळीचा गोळा कोसळताना काय होईल याचे गणित मांडले, तेव्हाच हे दोन्ही निष्कर्ष शेजारीशेजारी आले होते : ताऱ्याबरोबर आत जाणाऱ्या निरीक्षकाच्या दृष्टीने सारे सुमारे एका दिवसात आटोपते, तर बाहेरच्याला तारा आपल्या गुरुत्वीय त्रिज्येकडे (म्हणजे क्षितिजाच्या त्रिज्येकडे) सरकतच राहिलेला दिसतो. (कोलकात्याचे बी. दत्त यांनी १९३८ मध्येच असे गणित प्रसिद्ध केले होते. त्यांचे नाव आपल्याकडेही फारसे घेतले जात नाही.) सोव्हिएत शास्त्रज्ञ या वस्तूला कित्येक वर्षे ‘गोठलेला तारा’ म्हणत असत.

परंतु हे गोठणे म्हणजे कोसळणे थांबणे नव्हे. बाहेर अनंत काळ लागतो तो पृष्ठभागावरून निघालेल्या प्रकाशाला आपल्यापर्यंत यायला. पृष्ठभागाला आत पडताना कोणताही अडथळा आलेला नसतो. शिवाय हा ‘गोठलेला’ तारा दिसतही नाही. सूर्याच्या दहापट वस्तुमानाचा तारा कोसळला, तर शेवटच्या टप्प्यात दर मिलिसेकंदाला त्याचे तेज चाळीसपटीहून अधिक घटते. थोड्याच वेळात त्याच्याकडून अखेरचा फोटॉन येऊन गेलेला असतो आणि त्यानंतर गोठलेला तारा व कृष्णविवर यांत निरीक्षणाने फरक करता येत नाही.

मित्रा यांचा दावा याहून वेगळा आहे, हे मात्र लक्षात घ्यायला हवे. ते भ्रमाबद्दल बोलत नसून प्रत्यक्ष दाबाबद्दल बोलत आहेत. त्यांच्या गणितावर इतर संशोधकांनी आक्षेप घेतले आहेत आणि बहुसंख्य सापेक्षतातज्ज्ञांना ते पटलेले नाही. मलाही ते पटत नाही, कारण व्यापक सापेक्षतेत दाब स्वतःच गुरुत्वाकर्षणाचा स्रोत असतो. एका मर्यादेपलीकडे दाब वाढवला तर तो कोसळणे रोखण्याऐवजी त्याला हातभारच लावतो. बुखडाल यांनी १९५९ मध्ये दाखवले की, सर्व दिशांनी सारखा दाब असलेला आणि बाहेरच्या बाजूस घनता न वाढणारा स्थिर गोळा गुरुत्वीय त्रिज्येच्या ९/८ पटीहून लहान असूच शकत नाही. ग्रॅव्हास्टार ही मर्यादा ओलांडतो तो ऋण दाब आणि दिशेनुसार बदलणारा ताण गृहीत धरून. तसे द्रव्य कोसळत्या ताऱ्यात नेमके कोणत्या क्षणी आणि कसे तयार होते, याचे समाधानकारक उत्तर माझ्या वाचनात आलेले नाही.

दक्षिणायन :

सिद्धांत बाजूला ठेवून निरीक्षणांकडे पाहू. न्यूट्रॉन ताऱ्याला, म्हणजे कोसळलेल्या ताऱ्याच्या अतिघन अवशेषाला, टणक पृष्ठभाग असतो. शेजारच्या ताऱ्याकडून ओढलेला हायड्रोजन आणि हेलियम त्यावर साचत जातो, पुरेसा साचला की एकदम पेटतो आणि काही सेकंद ते काही मिनिटे टिकणारा क्ष-किरणांचा स्फोट दिसतो. असे स्फोट आपल्या आकाशगंगेतील शंभराहून अधिक न्यूट्रॉन ताऱ्यांवर नोंदले गेले आहेत. ज्या जोडताऱ्यांतील अदृश्य घटक सूर्याच्या तिपटीहून जड आहे, त्यांपैकी एकातही असा स्फोट आढळलेला नाही, जरी वायू तिथेही तसाच ओतला जात असतो. रमेश नारायण आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी हा मुद्दा अनेक वर्षे लावून धरला आहे. साचायला जागाच नसावी, हा त्याचा सर्वांत सरळ अर्थ.

आपल्या दीर्घिकेच्या केंद्राबाबतही हेच म्हणता येते. एस २ हा तारा सोळा वर्षांत एक प्रदक्षिणा पूर्ण करतो आणि मे २०१८ मध्ये तो केंद्रापासून पृथ्वी-सूर्य अंतराच्या सुमारे १२० पट इतक्या जवळून गेला. त्याच्या कक्षेवरून आतील वस्तुमान सूर्याच्या सुमारे ४३ लाख पट येते. तिथे पृष्ठभाग असता, तर पडणाऱ्या वायूच्या ऊर्जेने तो अवरक्त किरणांत स्पष्ट चमकला असता. तसा तो चमकत नाही.

गणितवेडा :

दक्षिणायन यांचा मुद्दा वजनदार आहे, पण तो कुठपर्यंत पोहोचतो हे आकड्यांत पाहिले पाहिजे. सूर्याच्या दहापट वस्तुमानाची गुरुत्वीय त्रिज्या साधारण ३० किलोमीटर असते. समजा, वस्तूचा पृष्ठभाग त्या त्रिज्येपेक्षा फक्त तीन सेंटीमीटर वर आहे. तिथून निघालेल्या प्रकाशाचा मार्ग इतका वाकतो की, दर दहा लाख किरणांपैकी जेमतेम सात बाहेर निसटतात आणि बाकीचे पुन्हा त्याच पृष्ठभागावर येऊन पडतात. म्हणजे पृष्ठभाग काळाच दिसेल, असे प्रथमदर्शनी वाटते. मात्र अडकलेली ऊर्जा साचत जाते, तापमान चढते आणि काही मिनिटांत जितकी ऊर्जा आत येते तितकी बाहेर पडू लागते. तेव्हा तीन सेंटीमीटरचा पृष्ठभाग लपून राहू शकत नाही.

आता तीन सेंटीमीटरऐवजी प्लांक लांबी (अणुकेंद्राहूनही कल्पनातीत लहान अशी लांबी) घ्या. हाच समतोल साधायला विश्वाच्या वयाच्या कित्येक अब्ज पट काळ लागेल आणि तोवर ती वस्तू कृष्णविवराइतकीच अंधारी राहील. अब्रामोविच, क्लुझ्नियाक आणि लासोटा यांनी २००२ मध्ये हेच म्हटले होते : क्षितिजाच्या अस्तित्वाचा प्रकाशाच्या साहाय्याने निर्णायक पुरावा मिळणे तत्त्वतःच अशक्य आहे.

एम ८७ च्या चित्राबाबत औत्सुक्य यांना उत्तर : नाही, सगळे पर्याय निकालात निघाले नाहीत. त्या कड्याचा व्यास, सुमारे ४२ मायक्रोआर्कसेकंद (कोन मोजण्याचे अतिसूक्ष्म एकक), जिथे प्रकाश वर्तुळाकार फिरू शकतो त्या भागावरून ठरतो आणि न फिरणाऱ्या कृष्णविवरासाठी तो भाग क्षितिजाच्या दीडपट त्रिज्येवर असतो. त्याच्या आत जे काही आहे ते पुरेसे काळे असले, की कडे तसेच दिसणार. साडेसहाशे कोटी सूर्यांइतके वस्तुमान एवढ्याशा जागेत आहे, इतके मात्र त्यावरून नक्की झाले.

औत्सुक्य :

आभार. मग गुरुत्वीय लहरींचे काय? त्या तर द्रव्यात प्रकाशासारख्या अडकत नाहीत. आणि टाटा मूलभूत संशोधन संस्थेत पंकज जोशी यांनी ज्या उघड्या सिंग्युलॅरिटीवर (क्षितिजाने न झाकलेल्या, अनंत घनतेच्या बिंदूवर) काम केले, ती याच यादीत बसते का?

शर्मिष्ठा :

जोशी यांचे काम उलट्या टोकाचे आहे. मित्रा म्हणतात, कोसळणे पुरे होत नाही. जोशी म्हणतात, ते पुरे होते, पण क्षितिजाचा पडदा वेळेत पडेलच याची हमी नाही. गोळ्याची घनता सर्वत्र सारखी असेल, तर क्षितिज आधी बनते. ती केंद्राकडून बाहेर विशिष्ट प्रकारे घटत असेल, तर केंद्रातून निघालेला प्रकाश निसटू शकतो. निसर्ग अशा गोष्टी नेहमी झाकून ठेवतो, हे पेनरोज यांचे १९६९ चे अनुमान अजून सिद्ध झालेले नाही, त्यामुळे हा वाद जिवंत आहे.

लहरींबद्दल गणितवेडा यांनीच लिहावे.

गणितवेडा :

दोन कृष्णविवरे एक झाली की नवे कृष्णविवर क्षणभर थरथरते आणि शांत होते. हा थरथराट कसा ओसरेल, हे सी. व्ही. विश्वेश्वरा यांनी १९७० मध्ये, लहरी सापडण्याच्या पंचेचाळीस वर्षे आधी, गणिताने दाखवले होते. अडचण अशी की तो थरथराटही मुख्यतः त्या दीडपट त्रिज्येच्या भागातूनच येतो. क्षितिजाऐवजी पृष्ठभाग असेल, तर सुरुवातीचा थरथराट तसाच असेल आणि नंतर, आत गेलेल्या लहरी परावर्तित होऊन, प्रतिध्वनी येतील. असे प्रतिध्वनी २०१५ च्या पहिल्या नोंदीत सापडल्याचा दावा २०१६ मध्ये झाला. नंतरच्या विश्लेषणांना त्याची पुष्टी देता आली नाही.

१४ जानेवारी २०२५ ची नोंद आजवरच्या सर्वांत सुस्पष्ट नोंदींपैकी आहे. तीत विलीन होण्याआधीचे दोन्ही क्षितिजांचे एकत्रित क्षेत्रफळ सुमारे २ लाख ४० हजार चौरस किलोमीटर होते आणि नंतरचे सुमारे ४ लाख. म्हणजे आधी महाराष्ट्रापेक्षा कमी, नंतर महाराष्ट्रापेक्षा बरेच जास्त. क्षेत्रफळ घटू शकत नाही, या हॉकिंग यांच्या १९७१ च्या प्रमेयाशी हे जुळते. पर्यायी वस्तूंना आता हा आकडाही साधावा लागेल आणि थरथराटाचे सूरही.

हिंगोली जिल्ह्यात औंढा नागनाथजवळ उभी राहत असलेली, गुरुत्वीय लहरी टिपणारी लायगो-इंडिया वेधशाळा स्रोताची आकाशातील जागा ठरवण्यात मोठी भर घालेल. प्रतिध्वनींसाठी मात्र उपकरणांची संवेदनशीलता अधिक मोलाची आहे. माझी खरी अपेक्षा २०३० च्या दशकात अवकाशात जाणाऱ्या लिसा या गुरुत्वीय लहरी टिपणाऱ्या मोहिमेकडून आहे. एखादा लहान कोसळलेला तारा लक्षावधी सूर्यांच्या वस्तुमानाभोवती फिरत आत ओढला जातो, तेव्हा तो हजारो प्रदक्षिणा घालताना मधल्या वस्तूच्या गुरुत्वक्षेत्राचा आकार लहरींत उमटवत जातो. कृष्णविवर असेल, तर तो संपूर्ण आकार केवळ वस्तुमान आणि फिरकी या दोन आकड्यांवरून ठरायला हवा. बोसॉन तारा (बोसॉन कणांचा कल्पित, क्षितिज नसलेला गोळा) किंवा क्षितिजापासून बराच वर पृष्ठभाग असलेला ग्रॅव्हास्टार तिथे वेगळा दिसू शकतो. प्लांक लांबीइतक्या अंतरावरचा पृष्ठभाग मात्र बहुधा या चाचणीतूनही सुटेल.