शिंदळ माकुडी गाविलगडाच्या कड्यावर लावली तं चालते का?

गोटेफूल (परतवाड्याजवळ)
नमस्कार मंडळी. तीन वर्षांआधी माह्या साडभाऊनं पुण्याच्या एका नर्सरीतून शिंदळ माकुडीच्या दोन कांड्या आणून देल्या होत्या, शिवनेरीच्या कड्यावरचं शिवसुमन म्हणतात न, तेच. एक सडली, एक जगली, अन् त्या एकीपासून आता अकरा कुंड्या झाल्या. मागच्या पावसाळ्याच्या शेवटी पहिलं फूल आलं, चांदणीसारखं, लालसर जांभळं, त्यावर पिवळे ठिपके, मी शाळेतली सारी पोरं घरी बोलावून दाखवलं. आता मनात असं आहे का जगात एवढ्याशाच जागी उरलेलं झाड आहे तं आपल्या गाविलगडाचे कडेही काळ्या दगडाचेच आहेत, तिथं पहिल्या पावसात पोरांना घेऊन पाच-सहा लावून द्याव, एक जागा वाढेल बिचारीची. कोणाले अनुभव असन तं सांगा. आणि उन्हाळ्यात लय हाल होतात तिचे, पारा ४५ च्या वर गेला का कांड्या सुकल्यासारख्या दिसते, मग जीव लागत नाही.

कापूसवाली ताई (वणी तालुका)
दादा पहिले उन्हाळ्याचं सांगते, माझ्याकडे ५ वर्षांपासून आहे. पानं गळली म्हणजे मेली असं नाही, ती कोरड्यात पानं टाकतेच आणि नुसत्या हिरव्या कांडीवर राहते, पाऊस पडला की परत पानं. तेव्हा दया येऊन पाणी घालत बसू नका, माझी पहिली तशीच सडली. मातीत अर्धी जाड वाळू, थोडा मुरूम, विटेचे तुकडे आणि अगदी मूठभर जुनं शेणखत. एप्रिल-मेमध्ये पूर्वेच्या भिंतीला हिरव्या जाळीखाली ठेवा, दहा-पंधरा दिवसांतून एकदा कडेकडेनं पाणी. नवी कांडी लावायची तर तोडल्यावर चार दिवस सावलीत तशीच ठेवा, जखम सुकली की मग लावा. कड्यावर लावायचं मला काही कळत नाही, ते जाणकार सांगतील.

डोंगरवाटा
सर, तुमची तळमळ पोचली, पण कड्यावर लावू नका, खरंच विनंती आहे.

मी मूळचा चिखलीचा, नोकरीमुळे चार वर्षं जुन्नरला होतो, शिवनेरीवर ती खाली लोंबताना पाहिली आहे, जिथं बकरी पोचत नाही अशा उभ्या दगडाच्या सांदीत, आणि म्हणूनच ती उरली. वज्रगड, सज्जनगड, महाबळेश्वर, अशा सह्याद्रीतल्या थोड्याच जागा तिच्या. डाल्झेल नावाच्या वनस्पतिशास्त्रज्ञानं एकोणिसाव्या शतकात तिचं वर्णन केलं आणि मुंबईचे गव्हर्नर फ्रिअर यांच्यावरून फ्रेरिया नाव दिलं, त्या वंशात ती एकटीच होती, आता शास्त्रज्ञ तिला दुसऱ्या वंशात धरतात. हे सांगायचं कारण असं की तिचे भाऊबंद आपल्याकडे आहेत, माकडशिंग पाहिलंच असेल माळावर, आणि कुंडीतल्या शौकीन लोकांनी या दोन्हीकडच्या जातींचे संकर करून ठेवलेले आहेत. नर्सरीतली कांडी शुद्ध आहे का संकर, तुम्हाला मला नुसतं पाहून सांगता येणार नाही. परागीभवन माशा करतात, त्या काही कुंडी आणि कडा असा भेद करत नाहीत. शिवाय तुमच्या अकराच्या अकरा कुंड्या एकाच झाडाच्या आहेत, म्हणजे जागा वाढली तरी झाड एकच. मूळ जागी रोपं परत लावायचं काम वनस्पतीवाल्यांनी केलं आहे, पण ते तिच्या स्वतःच्या कड्यांवर. आणि गाविलगड व्याघ्रप्रकल्पात येतो, तिथं परवानगीशिवाय बाहेरचं रोप लावणं म्हणजे पोरांसमोर चुकीचा धडा.

कापूसवाली ताई (वणी तालुका)
हे संकराचं मला माहीतच नव्हतं. मी तर मागच्या वर्षी एक कुंडी गावच्या टेकडीवर मातीत लावून आले होते देवळामागे. उद्याच जाऊन काढून आणते.

गोटेफूल (परतवाड्याजवळ)
डोंगरवाटा भाऊ, वाचून थोडं वाईट वाटलं खरं, पोरांना मी कबूल करून बसलो होतो. पण पटलं. म्या दगडच पाह्यला, झाड कुठलं हे नाही पाह्यलं. कुंड्या शाळेच्या व्हरांड्यात ठेवतो, प्रत्येकीवर पाटी, कुठून आली, कोणत्या साली. आणि माकडशिंगाचं म्हणता तं आमच्या गावामागच्या माळावर हाय, पोरं त्याच्या कांड्या तोडून खातात, आंबट लागते. यंदा त्यायले घेऊन ते कुठं कुठं आहे ते मोजतो. फूल बारीक राह्यते त्याचं, जमिनीलगत बसून फोटो घ्यावा लागन. फोटोत कांडी पण यावी का नुसतं फूल चालते, तेवढं सांगा, आणि ताई तुमची देवळामागची जगून होती का तेही कळवा.

डोंगरवाटा
दोन्ही घ्या सर, फूल जवळून आणि अख्खं झाड दगडासकट. शेंगा आल्या तर त्यांचाही.