सौंदर्यस्पर्धेनंतर पुढे काय? मार्गदर्शन हवे

प्रश्न (ऐरोली): माझी १९ वर्षांची मुलगी वाणिज्य शाखेच्या दुसऱ्या वर्षाला असून तिला मॉडेलिंग व सौंदर्यस्पर्धांमध्ये उतरायचे आहे. एका एजन्सीने निवड झाल्याचे कळवून लगेच पोर्टफोलिओसाठी पैसे मागितले, तेव्हापासून मन साशंक आहे. मुकुटाच्या पुढे खरोखर काही उभे राहते का?

उत्तर (नौपाडा): ताई, आधी पैसे मागणाऱ्यांना स्पष्ट नकार द्या, कारण चांगली एजन्सी मिळालेल्या कामाच्या मानधनातून आपले कमिशन घेते. मी आठ वर्षे हे काम केले. टाचांना फोड आलेले असताना पहाटेपर्यंत फिटिंगसाठी उभी राहिले, आणि मानधन मात्र कित्येकदा तीन-तीन महिन्यांनी हाती पडले. मुलीला बिलांची वही ठेवायला आत्ताच शिकवा.

उत्तर (वाशी): लारा दत्ता २००० मध्ये मिस युनिव्हर्स झाल्या आणि त्यांनी स्वतःचा सौंदर्यप्रसाधनांचा ब्रँड आणला तो २०१९ मध्ये, मधली सगळी वर्षे कामाची होती. शिवाय मिस युनिव्हर्सने आता कमाल वयाची अट काढली आहे, तेव्हा पदवी आधी पूर्ण होऊ द्या.

ऐरोली: मनापासून आभार. त्या एजन्सीला आजच नकार कळवते.