'प्रॅक्टिकल इफेक्ट्स'ला मराठीत काय म्हणायचं?

सायली: दादासाहेब फाळक्यांच्या तंत्रावरचा एक लेख मराठीत आणतेय, आणि 'प्रॅक्टिकल इफेक्ट्स'पाशी अडले आहे. संगणकावर नंतर जोडलेलं नाही, कॅमेऱ्यासमोर खरोखर घडवलेलं. 'व्यावहारिक परिणाम' लिहिलं होतं, पण वाचताना हिशेबाच्या वहीतलं काहीतरी वाटतं.

श्रीधर: चमत्कृतिदृश्य. शब्द सहज घडतो, अर्थही पोचतो. सावरकरांनी 'दिग्दर्शक' दिला तेव्हा लोक बिचकलेच असतील, आज कोण बिचकतं?

मालवणकर: सायलीताई, शब्द आमच्याकडे तयार आहे: ट्रिकसीन. सिंधुदुर्गात दशावताराच्या फलकावर 'ट्रिकसीनयुक्त नाटक' असं छापतात. जत्रेत पोरं आधी हेच विचारतात, "आज ट्रिकसीन आसा काय रे?"

श्रीधर: म्हणजे दोन इंग्रजी शब्द जोडले की मराठी झाला?

मालवणकर: पिढ्यान्‌पिढ्या माणसं बोलतात, म्हणून झाला.

अनघा: पण फाळक्यांचं बरंचसं काम यात बसतं का? एकच फिल्म मागे गुंडाळून दोनदा चित्रण करणं ही कॅमेऱ्याच्या पोटातली किमया, कॅमेऱ्यासमोरची नव्हे. 1912 साली त्यांनी वाटाण्याचं रोप वाढताना दाखवलं, ते तर ठरावीक अंतराने एकेक चौकट टिपून. त्याला ट्रिक म्हणवत नाही, ती सबुरी आहे. याउलट बाबूभाई मिस्त्री. 1937च्या 'ख्वाब की दुनिया'त त्यांनी काळ्या पडद्यापुढे काळ्या दोऱ्याने वस्तू हलवल्या, त्यावरून लोक त्यांना 'काला धागा'च म्हणू लागले. हे खरं प्रॅक्टिकल.

सायली: लेखात दोन्ही आहे, तीच पंचाईत.

मालवणकर: आमचे आजोबा दशावतारात राक्षस करत. राळेची पूड मुठीत, दुसऱ्या हातात टेंभा. पूड ज्योतीवर उधळली की पुरुषभर भडका उठायचा आणि त्यातून राक्षस बाहेर यायचा. वारा फिरला की भुवया जळायच्या. उजवी भुवई त्यांना कधी पुरती आलीच नाही. 'राळ उडवणे' तिथूनच आलंय.

श्रीधर: हे पटत नाही. आरोपांची राळ उडवतात तेव्हा डोळ्यांसमोर येतो तो धुरळा, जाळ नव्हे.

मालवणकर: राळ म्हणजे सालवृक्षाचा डिंक. तो धुरळा कधी झाला? आरोपही तसेच, क्षणभर भडकतात आणि मागे नुसता धूर.

अनघा: विदर्भात माझी आई धुळीच्या अर्थानेच म्हणते, "केवढी राळ उडवलीस अंगणात!" ती मुंबईपलीकडे कधी गेली नाही, दशावतार तर तिने पाहिलाही नाही.

श्रीधर: बघा.

मालवणकर: शब्द माणसापेक्षा लांब चालतो, अनघाताई. लळितात, तमाशातही राळ होतीच की.

सायली: उद्या लेख द्यायचाय. दोऱ्याच्या करामतींना 'ट्रिकसीन' लिहिते. दुहेरी चित्रणाचं काय करू?

अनघा: आईला आत्ता फोन केला. ती म्हणते, तिच्या आजीच्या तोंडी 'राळ' धुपासाठीही होता.