साक्षीदार म्हणतो कुऱ्हाड, पीएम (शवविच्छेदन) म्हणतं बोथट हत्यार. अपिलात कोणाचं ऐकायचं?

सत्रन्यायालयवाला: खुनाच्या अपिलात बचाव पक्षाचा ठरलेला मुद्दा: साक्षीदार कुऱ्हाडीचे वार सांगतो, शवविच्छेदनात जखमा बोथट हत्याराच्या, म्हणून साक्षीदार खोटा, आरोपीला सोडा. मला हे मान्य नाही. अब्दुल सईद वि. मध्य प्रदेश (2010) मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलंय की वैद्यकीय पुरावा साक्षीदाराची हकीकत पूर्णपणे अशक्य ठरवत असेल, तरच तिच्यावर अविश्वास दाखवता येतो. डॉक्टर काही घटनास्थळी नव्हते. कुऱ्हाडीचा तुंबा, म्हणजे पात्याच्या मागची बोथट बाजू, लागला तर जखम बोथटच येणार!

उलटतपास: तुंबा कुठून आला? साक्षीदाराने सांगितला का? नसेल, तर तो तुम्ही त्याच्या तोंडी घालताय. हल्लू वि. मध्य प्रदेश (1974) वाचा. साक्षीदार कुऱ्हाड किंवा भाला म्हणतो, तेव्हा बोथट बाजूच वापरली असं गृहीत धरायला आधार नाही, असं त्यात स्पष्ट म्हटलंय. सरकारी वकिलाने सरतपासातच, म्हणजे स्वतःच्या साक्षीदाराला प्रश्न विचारतानाच, खुलासा घ्यायला हवा होता. खालच्या कोर्टात विचारायचं राहिलेलं उच्च न्यायालयात अंदाजाने भरून काढायचं, आणि त्यावर जन्मठेप कायम?

सत्रन्यायालयवाला: एका शब्दावर साक्ष फेकून द्यायची का? चार माणसं मारतायत, बघणारा घाबरलाय, कोणती बाजू लागली हे तो कसं टिपणार? शिवाय डॉक्टरचं मत हे मतच. डोक्यावर कातडीखाली लगेच हाड असतं, त्यामुळे काठीच्या फटक्यानेही जखम कापल्यासारखी दिसू शकते. नीट तपासलं नाही तर डॉक्टरही फसतो.

वैशाली_नागपूर: तुम्ही दोघं हत्यारातच अडकलात. मला जखमांची संख्या जास्त बोलकी वाटते. फिर्यादीत पाच जणांची नावं, प्रत्येकाने वार केला म्हणे, आणि मृतदेहावर जखमा दोन. भावकीच्या वादात हे नवीन नाही. दलीप सिंग वि. पंजाब (1953) मधलं निम्मंच सगळे सांगतात: जवळचा नातेवाईक खऱ्या गुन्हेगाराला सहसा सोडणार नाही. पण वैर असेल तर खऱ्याबरोबर एखादा निर्दोषही गोवला जातो, हेही त्याच निकालात आहे.

सत्रन्यायालयवाला: मग ज्यांच्याबद्दल शंका आहे त्यांना सोडा, बाकीच्यांची शिक्षा ठेवा. एक गोष्ट खोटी म्हणून सगळंच खोटं, हा नियम आपल्याकडे चालत नाही.

उलटतपास: चालत नाही, कबूल. पण दाणे आणि भुसा वेगळा करता आला तरच. दोन जखमा पाचांपैकी कोणाच्या, हे तोच साक्षीदार सांगणार ना, ज्याने आधीच तीन वार जास्तीचे सांगितलेत? आणि मुळात जप्त कुऱ्हाड साक्ष देताना डॉक्टरला दाखवली होती का? ईश्वर सिंग वि. उत्तर प्रदेश (1976) प्रमाणे हे सरकारी पक्षाचं आणि न्यायालयाचंही कर्तव्य आहे. ती मुद्देमालाच्या खोलीतच राहिली असेल, तर 'अशी जखम या हत्याराने होऊ शकते' हे डॉक्टर म्हणालाच नाही. तुम्ही म्हणताय.

वैशाली_नागपूर: यावर उत्तर द्या, सत्रन्यायालयवाले. कुऱ्हाड दाखवली होती की नाही?